मटणाला गूळ

मराठवाड्यात पाहुण्याचं नाव, गाव, नोकरी या गोष्टी जेवणानंतर सावकाश विचारल्या तरी चालतात. त्याआधी एकच गोष्ट पाहून घेतात, ती म्हणजे रश्श्याचा पहिला भुरका मारल्यावर त्याच्या डोळ्यांत पाणी येतं का. पाणी आलं तर पाहुणा पुण्याकडचा. पाणी येऊनही तो 'वा, छान!' म्हणाला तर पुण्याकडचा पण चांगल्या घरातला. पाणी आलं नाही आणि 'जरा तिखट आहे का हो?' असं त्यानेच उलट विचारलं, तर सोयरीक जुळायला हरकत नाही.

अशा मुलखात आमच्या पुतण्याने मटणाला गूळ लावला.

पुतण्या पुण्यात संगणकाशी संबंधित काहीतरी करतो. नेमकं काय, ते त्याने चारदा समजावलं आणि मीही चारदा मान हलवली. तर हा पुतण्या दिवाळीनंतर धाराशिवला आला तो एक बाटली घेऊन. बाटली म्हटल्यावर घरातल्या दोन-तीन पुरुषमंडळींचे चेहरे क्षणभर उजळले. पण आत निघाला दाट, काळपट-तांबडा असा एक पाक. बार्बेक्यू सॉस! मटणाच्या तुकड्यांना हा चोपडायचा आणि निखाऱ्यावर भाजायचं. चव गोड आणि तिखट. त्यात पुतण्याला त्या बाटलीतला गोडवा 'देशी' करायचा होता, म्हणून त्याने स्वयंपाकघरातून गुळाचा खडा मागितला.

आमचे मामा ओसरीवर बसले होते. वय ब्याऐंशी, दात स्वतःचे, मतंही स्वतःची.

"गूळ? मटणाला?" मामा म्हणाले. "अरे, मटण हाय का पुरणपोळी?"

"आजोबा, बाहेर सगळीकडे असंच करतात."

"बाहेर काय बी करतील. आपली चव तिखट. बापजाद्यापासून तिखट. गोड ही बाहेरची भानगड!"

मामांचं हे वाक्य ऐकून पाच-पंचवीस माना हलल्या असत्या, कारण मराठवाड्यात ते वाक्य सिद्धच धरलेलं आहे. तिखट ते आपलं आणि गोड ते परक्याचं. त्यातही मटणात गोड म्हणजे परक्याचं आक्रमणच! आता मामांच्या वयाला मान देऊन, आणि त्यांच्या हातातल्या अडकित्त्याचाही मान ठेवून, इतिहास काय म्हणतो ते पाहू. इतिहास नेमकं उलटं म्हणतो.

मामांचा तिखटावर जो विश्वास आहे तो मिरचीवर. आणि मिरची ही बाई अमेरिकेची. 1492 साली कोलंबस निघाला होता आपल्या मिऱ्यांच्या शोधात, आणि पोचला कॅरिबियन बेटांवर. तिथे मिरे नव्हतेच. होती ती एक लाल शेंग, तोंड भाजणारी. मिऱ्यांसाठी निघालेला माणूस रिकाम्या हाताने परत कसा जाणार? त्याने त्या शेंगेलाच मिऱ्यांचं नाव लावून टाकलं. युरोपात मिरचीला अजून मिऱ्याच्याच नावाने हाका मारतात. पुढे 1498 मध्ये वास्को द गामा कालिकतला आला आणि नंतरच्या शतकात पोर्तुगीजांच्या गलबतांतून ही शेंग गोव्याच्या बाजूने आपल्याकडे उतरली. आपणही तेच केलं जे कोलंबसाने केलं. 'मिरी' हा शब्द घरात होताच, तो थोडा ओढूनताणून पाहुणीला नेसवला आणि तिचं नाव ठेवलं मिरची! म्हणजे बापजाद्यापासूनचं तिखट हे फार तर चार-साडेचारशे वर्षांचं. त्यामागचे जे बापजादे, ते मिरची न खाताच स्वर्गवासी झाले.

आणि गोड? उसाचा रस आटवून त्याचा गूळ आणि साखर करायची विद्या या देशातली. संस्कृतातली 'शर्करा' फारसी-अरबीतून फिरत फिरत युरोपात गेली आणि तिथल्या भाषांतून साखरेचे जे शब्द झाले ते सगळे तिचेच नातू-पणतू. 'खंड' म्हणजे खडीसाखर, तिची झाली कँडी. तेव्हा हिशोब असा होतो की, गूळ आपला आणि मिरची परकी. मामांच्या वाक्यातले दोन्ही शब्द जागच्या जागी ठेवून फक्त 'आपली' आणि 'बाहेरची' यांची अदलाबदल केली की इतिहास तयार.

गंमत याच्याही पुढची आहे. त्या बाटलीवरचं 'बार्बेक्यू' हे नावही मिरचीच्याच माहेरचं. कॅरिबियन बेटांवरचे टाइनो लोक निखाऱ्यावर लाकडी काठ्यांची मचाणवजा चौकट उभी करून तिच्यावर मांस-मासे भाजत. तिचं नाव स्पॅनिश लोकांनी 'बार्बाकोआ' असं ऐकलं आणि लिहून ठेवलं. म्हणजे मिरची आणि बार्बेक्यू या एकाच आळीतल्या दोन मुली. त्यातली एक चारशे वर्षांपूर्वी पोर्तुगीज गलबतातून येऊन आमच्या घरची सासू झाली. आणि दुसरी परवा पुण्याच्या बसमधून बाटलीत बसून आली, तर सासूबाईच्या वतीने मामा तिला उंबऱ्यात अडवतायत!

आता कोणी विचारील की, मिरची यायच्या आधी आमच्या या भागातले लोक भाजलेल्या मांसाला लावत तरी काय होते? तर याचं उत्तर लेखी उपलब्ध आहे, आणि तेही फार लांब जायला नको. उमरग्याच्या पलीकडे, आज कर्नाटकातल्या बिदर जिल्ह्यात बसवकल्याण आहे. तेच जुनं कल्याणी, चालुक्यांची राजधानी. तिथल्या तिसऱ्या सोमेश्वर राजाने इ.स. 1129च्या सुमारास, म्हणजे शके 1051 मध्ये, 'मानसोल्लास' नावाचा संस्कृत ग्रंथ रचला. शंभर अध्याय! राज्य कसं मिळवावं, कसं टिकवावं, हत्ती, घोडे, रत्नं, औषधं, संगीत, चित्रं, खेळ. आणि या सगळ्यात एक प्रकरण जेवणाचं. राजे लोक ग्रंथ लिहितात तेव्हा बहुधा तत्त्वज्ञानात शिरतात. हा मुदपाकखान्यात शिरला. आपल्या इडली-डोशांचे पूर्वज त्यात सापडतात. मराठीच्या अभ्यासकांना हा ग्रंथ प्रिय आहे तो वेगळ्या कारणाने : महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओव्या म्हणतात, अशी नोंद त्यात आहे. पण त्या बायका कांडत काय होत्या, याची चौकशी करायला विद्वानांना सवड झालेली दिसत नाही. त्यात थोडा मसालाही असणार, असा माझा आपला भाबडा समज आहे.

तर या सोमेश्वराच्या ग्रंथात 'भडित्र' आहे. मांसाचे तुकडे करायचे, त्यांना भोकं पाडायची, त्यांत मसाला भरायचा आणि सळईवर ओवून निखाऱ्यावर भाजायचे. मसाला कोणता? हिंग, आलं, मिरे, सैंधव, आंबट फळांचा रस. काळजाचे सुपारीएवढे तुकडे भाजून ते दह्यात किंवा मोहरीच्या पाण्यात सोडायचाही एक प्रकार आहे. महाराजांनी रानउंदीर भाजण्याची रीतही तितक्याच आस्थेने लिहिली आहे. पण ती इथे देत नाही, कारण हा लेख जेवणाआधी वाचणारेही लोक आहेत. मुद्दा एवढाच की नऊशे वर्षांपूर्वी आमच्या शेजारच्या राजधानीत सळईवरचं मांस होतं, ते आधी मुरवलेलं होतं, आणि त्यात मिरचीचा एक तुकडासुद्धा नव्हता. कारण मिरची तेव्हा अमेरिकेत होती आणि अमेरिका कुणाला ठाऊक नव्हती.

याच्याही मागे जाऊ या. धाराशिवपासून जवळच तेर आहे. संत गोरोबाकाकांचं तेर. दोन हजार वर्षांपूर्वी याचं नाव तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक बोलणाऱ्या व्यापाऱ्याने 'पेरिप्लस' नावाची सागरी वाटाड्या-वही लिहिली, तिच्यात तगर आहे : पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांवर, मोठं शहर, तिथून कापड गाड्यांत घालून आडवाटेने भडोचच्या बंदरात जातं. आजही तेरहून काही गावांना जाताना 'आडवाट' हा शब्द सौम्य वाटतो. पण ते असो. त्याच भडोचहून पिंपळी रोमकडे जात असे. पिंपळी म्हणजे आजीच्या बटव्यातली, खोकल्याची. रोममध्ये ती औषधालाही लागत होती आणि जेवणालाही. प्लिनी नावाच्या रोमन गृहस्थाने भाव लिहून ठेवलेत : पिंपळी पंधरा दिनार पौंड, पांढरे मिरे सात, काळे मिरे चार. आणि वर कपाळाला हात लावलाय की या पदार्थात जिभेला झोंबण्याखेरीज दुसरा गुण तो काय, आणि त्यासाठी आम्ही थेट हिंदुस्थानपर्यंत धावतो!

या रोमन लोकांच्या पाककृतींचा एक संग्रह अपिशियसच्या नावाने उपलब्ध आहे. त्यात जवळजवळ प्रत्येक पदार्थात मिरे, आणि मांसावर जागोजाग मध, सिरका आणि माशाचं खारट पाणी. मध आणि मिरे! म्हणजे गोड आणि तिखट. आमच्या तेरच्या गाड्या ज्या बंदरात रिकाम्या होत, त्याच बंदरातून निघालेलं तिखट रोमच्या मधात पडत होतं. पुतण्याच्या बाटलीची कूळकथा अशी दोन हजार वर्षांची आहे आणि तिच्यात भडोचमार्गे आमचा थोडा हात आहे. हे मी मामांना सांगितलं. मामा म्हणाले, "रोम बुडालं ना पण?" या युक्तिवादाला उत्तर नाही.

मधल्या काळात आमच्या भागावर बहामनी आले, आदिलशाही-निजामशाही आल्या, मोगल आले आणि शेवटी हैदराबादचा निजाम. त्यांच्याबरोबर 'सीख' आणि 'कबाब' हे शब्द आले आणि दह्यात मुरवण्याची, कच्च्या पपईने मांस मऊ करण्याची रीत रुळली. (पपईसुद्धा अमेरिकेचीच, मिरचीच्या बोटीतून आलेली. नवाबी म्हणून मिरवणाऱ्या कबाबातली निम्मी नवाबी ही अशी समुद्रापलीकडची आहे.) आमच्या जिल्ह्याला सातव्या निजामाचं, मीर उस्मान अली खानाचं नाव मिळालं. 13 सप्टेंबर 1948 रोजी सोलापूरहून हिंदी फौजा नळदुर्गाच्या बाजूने आत शिरल्या आणि चार दिवसांत, 17 तारखेला, निजामाची राजवट संपली. 2023 साली जिल्ह्याचं नावही अधिकृतपणे धाराशिव झालं. कचेऱ्यांच्या पाट्या बदलल्या, शिक्के बदलले, एस.टी.च्या फलकांवर रंगाचा हात फिरला.

एक मात्र राहून गेलं. शेळी.

आमच्या भागातली शेळी देशभर प्रसिद्ध आहे. बहुतेक काळीभोर, काटक, जुळी करडं देण्यात तरबेज आणि मांसाला उत्तम. सरकारी दफ्तरात या जातीची नोंद 'उस्मानाबादी' अशी आहे आणि नामांतरानंतरही जातीचं नाव उस्मानाबादीच राहिलं. शेळीने नाव बदलून मिळण्याबाबत अद्याप अर्ज केलेला नाही. तिच्यापुढे नावापेक्षा मोठे प्रश्न असतात. 1972च्या दुष्काळात माणसं खडी फोडायला गेली, पण शेळी बाभळीच्या शेंगा खाऊन तगली. म्हणून तिला गरिबाची गाय म्हणतात. अडीनडीला तीच बाजारात जाते. पोरांची फी, दवाखाना, बियाणं हे सगळं तिच्या पाठीवरून उतरतं. जिच्या जिवावर आमची चव उभी आहे ती बिचारी आपलं-परकं काही मानत नाही. दिसेल त्या कुंपणाला तोंड लावते.

आता प्रत्यक्ष कृतीकडे वळतो, कारण पुतण्याचा पहिला घाणा काळा ठिक्कर पडला होता आणि मामांच्या चेहऱ्यावर पानिपतचा सूड उगवल्याचं समाधान होतं. यात दोष गुळाचा नाही, वेळेचा आहे. साखर साधारण 160 अंशांच्या पुढे तांबूस होऊ लागते, आणखी तापली की कडू होते आणि मग जळते. निखाऱ्याची धग त्याच्या कितीतरी पुढे. मांस शिजायला लागतात पंधरा-वीस मिनिटं आणि गूळ जळायला पुरतात दोन. म्हणून गूळ हा पाहुणा शेवटच्या पंगतीला बोलवायचा.

किलोभर मटण घ्यावं, मांडीचं, बिनहाडाचं. तुकडे लहान आणि धाग्याला आडवे कापावेत. आधी मीठ आणि आलं-लसूण लावून चार-पाच तास ठेवावं. कारण खरं आत शिरतं ते मीठच. बाकीचा मसाला बहुतेक वरच्या थरात गप्पा मारत बसतो. मुरवण्याला इंग्रजीत जो 'मॅरिनेड' शब्द आहे तो मुळात समुद्रावरून, म्हणजे खाऱ्या पाण्यावरूनच आलेला. आपला 'मुरणे' हा शब्द त्याहून अर्थपूर्ण. लोणचं मुरतं, गाणं मुरतं, राजकारणी मुरतो आणि कुठेतरी पाणीही मुरतं. फक्त मुरंब्याला या कुटुंबात घेऊ नये. तो दिसायला मुरण्याचा सख्खा भाऊ, पण प्रत्यक्षात अरबी मुरब्ब्याचा मुलगा.

मग दोन चमचे काळं तिखट आणि करडईचं तेल लावून तुकडे सळईवर ओवावेत. कोळसा बाभळीचा हवा. तुराट्या-पऱ्हाट्या पेटवू नयेत. त्या सभेतल्या वक्त्यासारख्या भडकतात आणि मागे निखारा काही ठेवत नाहीत. तोवर दुसरीकडे लिंबाएवढी चिंच कोळून त्यात तिच्याइतकाच गूळ, चिमूटभर मिरपूड आणि थोडं तिखट घालून मधासारखं दाट आटवावं. मटण जवळजवळ झालं की हा पाक अर्ध्या कांद्याने वरून फिरवावा, दोन मिनिटं उलटसुलट करावं आणि उतरावं. वर जो तांबूस, चकचकीत, खमंग थर येतो त्याचं शास्त्र 1912 मध्ये मेलार्ड नावाच्या फ्रेंच रसायनज्ञाने सांगितलं : उष्णतेने साखर आणि प्रथिनांतले घटक एकमेकांशी संसार थाटतात आणि त्यातून तो रंग-वास जन्मतो. आमच्या घरात या मेलार्डला कुणी ओळखत नसलं, तरी त्याचा वास गल्लीच्या टोकापर्यंत ओळखला गेला.

आणि हा पाक नीट चाखून पाहिला तर काय निघाला? चिंचगुळाची आमटी! रोज दुपारी भाकरीबरोबर, भाताबरोबर मराठवाड्यातली निम्मी घरं जे ओरपतात, तेच. वरणाला चिंच-गूळ चालतो, तेव्हा तो बापजाद्यांचा; मटणाला लागला की बाहेरची भानगड! (त्यातली चिंच मूळची आफ्रिकेची. फार पूर्वी इथे आली आणि इतकी रुळली की अरबांनी तिला 'तमर हिंदी', हिंदुस्थानचा खजूर, म्हणून टाकलं. नागरिकत्व इतक्या सहज कुणालाच मिळालं नसेल.)

इतकं सगळं पुराण सांगून झाल्यावर मनात एक गोष्ट राहते, आणि तिला गूळ लावून गोड करता येत नाही. सोमेश्वराच्या सळईवरचं मांस नऊशे वर्षं टिकलं, कारण राजाने ते लिहून ठेवलं. अपिशियसचं टिकलं, कारण श्रीमंतांच्या घरी लिहिणारे होते. पण याच मातीत गावकुसाबाहेर जे भाजलं जात होतं, ते कोण लिहिणार? तिथे हिंग नव्हता, मिरे नव्हते, तेल असलं तर सणाला. वाट्याला आलेल्या मांसाच्या लांब पट्ट्या कापून, दोरीवर वाळवून त्यांच्या चान्या करायच्या आणि नड आली की निखाऱ्यावर भाजायच्या. त्या चवीमागे हौस नव्हती, उद्याची काळजी होती. आणि अपमानही होता. म्हणून तर 1927 साली महाडला बाबासाहेबांनी मेलेल्या जनावराचं मांस सोडा असं निक्षून सांगितलं. ही सगळी चूल कागदावर यायला 2015 साल उजाडावं लागलं. याच जिल्ह्यातल्या शाहू पाटोळ्यांनी मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या खाद्यसंस्कृतीवर पुस्तक लिहिलं. नाव ठेवलं 'अन्न हे अपूर्णब्रह्म'. त्या एका 'अ'मध्ये किती शतकांची भूक आहे, ते आपण पोटभर जेवून उठल्यावर मोजायचं. 2024 मध्ये त्याचं इंग्रजी भाषांतरही आलं. राजाच्या मुदपाकखान्यापासून या चुलीपर्यंतचं अंतर नकाशावर पाहिलं तर फार नाही. कागदावर मात्र ते कापायला जवळजवळ नऊशे वर्षं लागली.

तेव्हा 'आपली चव' म्हणताना जरा बेताने बोलावं, असं मला वाटतं. आपल्या ताटात कोण कुठून आलं याचा शोध घ्यायला लागलो तर मिरची अमेरिकेला, चिंच आफ्रिकेला, सीख इराणला आणि शब्द अरबस्तानाला परत पाठवावे लागतील. शेवटी ताटात उरेल गूळ. तोही मामा उचलू देणार नाहीत, कारण दुसऱ्या घाण्याच्या वेळी त्यांनी तीन सळया रिकाम्या केल्या आणि बोटं चाटत विचारलं, "तिखट जरा कमी पडलंय. पण हे वरून चिकट चिकट काय लावलंय, ते बरं हाय. काय म्हणतात त्याला?"

"चिंचगूळ, आजोबा," पुतण्या म्हणाला.

"मग आधी नाही का सांगायचं? मी म्हटलं सॉस घातलाय की काय!"